पाय कां थांबतात?

(नभोवाणीवरून दिलेलें भाषण)



आजचा विषय एका दुखण्याचा आहे आणि मी व्यवसायानें डॉक्टर आहें. तरी प्रारंभ मी माझ्या घरांतील एका गोष्टीनें करतों, कारण त्या गोष्टींत चुकलेला डॉक्टर मीच होतों.

आमचें घर परभणी शहराच्या जुन्या भागांत आहे. माझ्या मातोश्री रोज सकाळीं देवळांत जात. घरापासून देऊळ चार गल्ल्या दूर. पूर्वीं त्या अर्ध्या तासांत जाऊन येत. सत्तरी ओलांडल्यावर त्यांना तास लागूं लागला, मग दीड तास. चौकशी केली तर कळे कीं, वाटेंत अमक्यांच्या ओट्यावर बसल्या होत्या, तमक्यांच्या सुनेशीं बोलत होत्या. आम्ही सर्व हंसत असूं. "आईला आतां गप्पांचा नाद लागला," असें माझा धाकटा भाऊ म्हणे. त्या स्वतःही हंसत आणि पुढें कांहीं बोलत नसत. एकदां मात्र, "पिंढऱ्या भरून येतात रे," असें त्या म्हणाल्या, आणि मीं उत्तर दिलें, "आई, वय झालें." हें उत्तर मीं दोन वर्षें दिलें. दवाखान्यांत येणाऱ्या परक्या माणसाला सुद्धां मी इतक्या स्वस्तांत परत पाठवीत नाहीं.

पुढें एके दिवशीं सकाळीं मी बाहेर पडलों, तों समोरून भाजीवाला येत होता. आणि त्याच्या हातगाड्याचा कठडा दोन्ही हातांनीं धरून, किंचित् वांकून, मातोश्री मेथीच्या जुडीचा भाव करीत त्याच्याबरोबर चालत होत्या. गल्लीच्या त्या टोकापासून या टोकापर्यंत त्या कोठेंही बसल्या नाहींत. गाडा वळणावर गेला, त्यांनीं हात सोडला, ताठ उभ्या राहिल्या, आणि वीस-पंचवीस पावलांत एका ओट्यावर टेकल्या. मला स्वतःची लाज वाटली, कारण या दुखण्याची पाठ्यपुस्तकांत दिलेली खूण ती हीच. पाश्चात्त्य देशांतील डॉक्टर तिला दुकानांतील सामानाच्या ढकलगाडीची खूण म्हणतात. ढकलगाडीवर रेलून म्हातारा माणूस सबंध दुकान फिरतो आणि दाराबाहेर येतांच त्याचे पाय अडतात. आपण तिला भाजीच्या गाड्याची खूण म्हणावयास हरकत नाहीं.

या दुखण्याला इंग्रजी वैद्यकांत 'स्पायनल स्टेनोसिस' असें नांव आहे. मराठींत मज्जानलिकेचा संकोच म्हणतां येईल. कण्याच्या पोटांतील नळी अरुंद होणें, एवढाच त्याचा अर्थ.

आपला कणा म्हणजे मणक्यांची उतरंड. प्रत्येक मणक्याच्या मागच्या अंगास हाडाचें एक कडें असतें, आणि तीं कडीं एकाखालीं एक आल्यानें एक उभी नळी तयार होते. तिच्यांतून मेंदूपासून निघालेला मज्जारज्जू खालीं उतरतो. कंबरेच्या पहिल्या-दुसऱ्या मणक्यापाशीं हा रज्जू संपतो आणि तेथून पुढें मज्जातंतूंचा एक झुबका लोंबत राहतो. शरीरशास्त्रज्ञांनीं त्याला घोड्याच्या शेपटीचें नांव दिलें आहे. पायांची ताकद, पायांची संवेदना, लघवी व शौच यांवरील ताबा, हें सर्व त्या शेपटीच्या केसांवर अवलंबून असतें.

निरोगी माणसांत कंबरेंतील ही नळी पुढून मागें सुमारें १५ ते २५ मिलिमीटर असते. वय वाढतें तशी दोन मणक्यांमधील गादी सुकते व मागें फुगते. मागच्या बाजूचे लहान सांधे झिजून जाड होतात. आणि नळीच्या आंतून असलेला पिवळसर बंध, जो तारुण्यांत रबरासारखा ताणला जातो, तो जाड होऊन आंत दुमडतो. अशी तिन्हीं बाजूंनीं जागा कमी होत जाऊन ती १० मिलिमीटरच्याही खालीं आली, म्हणजे तंतूंची दाटी होते. ही दाटी बहुधा चौथ्या व पांचव्या मणक्यांच्या मध्यें होते. कांहीं माणसांची नळी जन्मतःच लहान असते. त्यांना हें दुखणें चाळिशी-पन्नाशींतच गांठतें. इतरांना साठीच्या सुमारास.

आतां गाड्याचें कोडें. आपण ताठ उभे राहतों किंवा पाठ मागें झुकवितों, तेव्हां तो जाड बंध आंत दुमडतो आणि नळी आणखी अरुंद होते. पुढें वांकलों, बसलों, गुडघे पोटाशीं घेतले, कीं बंध ताणला जाऊन नळी थोडी मोकळी होते. फरक थोड्या मिलिमीटरांचाच. पण जेथें मुळांतच जागा नाहीं तेथें तेवढा पुरतो. चालतांना तंतूंना रक्त अधिक लागतें आणि नेमका त्याच वेळीं त्यांचा रक्तपुरवठा दाबला जातो. म्हणून नितंबापासून पिंढरीपर्यंत जडपणा येतो, मुंग्या येतात, पाय आपले नव्हेत असें वाटतें. आणि दोन मिनिटें बसलें कीं सर्व नाहींसें होतें. गंगाखेडला गोदावरीच्या घाटावर पाहावें: अशा रुग्णाला पायऱ्या चढतांना, पुढें वांकल्यामुळें, त्रास कमी होतो; उतरतांना पाठ मागें जाते आणि पाय अडतात. घरच्यांना हें उलटें वाटतें. चढणारा माणूस उतरतांना कां थांबतो, असें म्हणून ते त्याच्याकडे संशयानें पाहतात.

हा संशय या दुखण्यांतला सर्वांत कडू भाग आहे. सेलू-मानवत भागांतील एक शेतकरी बाई माझ्याकडे आली होती. कापसाची वेचणी ती दिवसभर वांकून करी. खुरपणीला उकिडवी बसे. तेव्हां दुखणें नाहीं. संध्याकाळीं घरीं येतांना मात्र दीड-दोन मैलांच्या वाटेंत ती तीनदां बांधावर बसे. सासूचें म्हणणें असें कीं, काम होतें तेव्हां पाय चालतात आणि घरीं चूल पेटवावयाची म्हटली कीं दुखतात, हें सोंग आहे. बाई माझ्यासमोर एवढेंच म्हणाली, "डॉक्टरसायब, पाय भरून येतेत, दुसरं काई नाई." तिच्या तक्रारींत एक शब्दही खोटा नव्हता, उलट इतकी नेमकी हकीकत शिकलेले रुग्णही सांगत नाहींत. मीं सासूला बोलावून घेतलें आणि कण्याचा सांगाडा समोर ठेवून वांकवून दाखविला. म्हातारी बराच वेळ पाहत राहिली. मग म्हणाली कीं तिचेही पाय असेच भरून येत, पण तिला कोणी विचारलें नव्हतें.

वैद्यकशास्त्रालाही ही हकीकत ऐकूं येण्यास वेळ लागला. विखुरलेलीं वर्णनें पूर्वीं होतीं. पण उताराच्या वयांत नळी अरुंद झाल्यानें चालतांना पाय अडतात व बसतां बरे होतात, हें स्पष्टपणें मांडलें तें हॉलंडमधील उट्रेख्ट येथील शस्त्रवैद्य हेंक वर्बीस्ट यांनीं. त्यांचा प्रसिद्ध इंग्रजी निबंध १९५४ सालचा. त्यांत अवघ्या ७ रुग्णांची हकीकत होती. त्यापूर्वीं जगभरच्या म्हाताऱ्यांना माझ्यासारखेंच उत्तर मिळत असलें पाहिजे.

परंतु प्रत्येक अडणारा पाय कण्यामुळेंच अडतो असें नाहीं. तंबाखू, विडी व मधुमेह यांमुळें पायांच्या रक्तवाहिन्या आंतून बुजतात, आणि तेव्हांही चालतांना पिंढरींत गोळा येतो. दोहोंतील भेद घरीं सुद्धां ध्यानांत येण्याजोगा आहे. रक्तवाहिनीचा रुग्ण नुसता उभा राहिला तरी त्याचा पाय मोकळा होतो. कण्याच्या रुग्णाला उभें राहून बरें वाटत नाहीं, त्याला बसावें किंवा वांकावें लागतें. दुसरी कसोटी सायकलीची. कण्याचा रुग्ण फर्लांगभर चालूं शकत नाहीं, पण हँडलवर वांकून मैल-दोन मैल सायकल मारतो. रक्तवाहिनीच्या रुग्णाला सायकलवरही पिंढरी दुखते. अशा माणसाच्या पावलावरची नाडी डॉक्टरांनीं बोटानें पाहिलीच पाहिजे. ती लागत नसेल तर कण्याचीं चित्रें काढीत बसण्यांत पाय गमावण्याचें भय आहे. मधुमेहानें किंवा बी-१२ जीवनसत्त्वाच्या कमतरतेनें तळव्यांची आग होते, ती बसल्यानेंही जात नाहीं. आणि ताप, वजन घटणें, रात्रीं झोपेंतून उठविणारी पाठदुखी हीं असल्यास मणक्याच्या क्षयाचा विचार आधीं करावा; आपल्या देशांत तो अजून दुर्मिळ झालेला नाहीं.

येथें पाण्याविषयीं थोडें सांगणें अवश्य आहे. ज्या विंधनविहिरींच्या पाण्यांत फ्लोराइड फार असतें, तेथील लोकांचीं हाडें वर्षानुवर्षांच्या सेवनानें जाड व ताठर होतात, कण्याचे बंध हाडासारखे कठीण होतात आणि मज्जानलिका ऐन उमेदींतच आवळली जाते. आपल्या शेजारच्या नांदेड जिल्ह्यांत, तसेंच यवतमाळ व चंद्रपूर जिल्ह्यांत असें पाणी आढळलें आहे. आणि परभणीप्रमाणेंच एके काळीं हैदराबाद संस्थानांत असलेला नळगोंडा जिल्हा तर त्यासाठीं कुप्रसिद्ध आहे. नागपूरच्या 'नीरी' या संस्थेनें तुरटी व चुना वापरून फ्लोराइड काढण्याची जी पद्धत बसविली, तिला नळगोंड्याचेंच नांव आहे. पाण्याच्या एका लिटरमध्यें १ मिलिग्रॅमपर्यंत फ्लोराइड चालतें, दुसरी सोय नसल्यास दीडपर्यंत. पाणी उकळल्यानें तें जात नाहीं, हें विशेषतः गृहिणींनीं लक्षांत ठेवावें. चाळिशीच्या आंतील माणसाची पाठ काठीसारखी ताठ होऊं लागली आणि गांवांत पिवळ्या डागांच्या दांतांचीं मुलें दिसूं लागलीं, तर विहिरीचें पाणी तपासून घ्यावें.

निदानासाठीं पुष्कळ लोक हातांत एम. आर. आय. चीं चित्रें घेऊनच येतात. साध्या क्ष-किरण चित्रांत हाडें दिसतात, तंतू दिसत नाहींत, एम. आर. आय. मध्यें दोन्ही दिसतात. तें चित्र उपयोगी आहे यांत शंका नाहीं. परंतु साठीनंतर, एकही तक्रार नसलेल्या कित्येकांच्या चित्रांत नळी अरुंदच दिसते. केस पांढरे होतात तसें तेंही होतें. म्हणून चित्रावरील शब्द वाचून घाबरूं नये आणि केवळ चित्र पाहून शस्त्रक्रियेला होकार देऊं नये. चित्रांतला दोष आणि पायांतली हकीकत यांचा मेळ बसला पाहिजे.

उपचारांविषयीं बोलण्याआधीं एक धीराची गोष्ट सांगतों. कंबरेंतील नळीचा संकोच झाला म्हणजे एके दिवशीं अचानक पाय लुळे पडतात, ही समजूत बहुतेकांच्या बाबतींत चुकीची आहे. पुष्कळांचें दुखणें वर्षानुवर्षें एकाच पातळीवर राहतें. कांहींचें कमीही होतें. कांहींचें हळूहळू वाढतें. तेव्हां विचार करण्यास वेळ असतो.

चालणें सोडूं नये, ही पहिली गोष्ट. पण तें खंडाखंडानें करावें. पाय भरून येण्याची वाट न पाहतां थोडें आधींच बसावें आणि पुन्हां निघावें. घरांत जागच्या जागीं चालविण्याची सायकल मिळाल्यास उत्तम. पाठ वांकलेली राहते आणि पायांना व हृदयाला व्यायाम होतो. उताणें निजून एकेक गुडघा व मग दोन्ही गुडघे पोटाशीं घेणें, पोटाच्या व नितंबाच्या स्नायूंना बळकटी आणणें, हे व्यायाम जाणकार भौतिकोपचारतज्ज्ञाकडून शिकून घ्यावेत. कुशीवर, गुडघे मुडपून निजावें. लाकडी फळीवर निजण्याचा जुना सल्ला आतां कोणी देत नाहीं. उभ्या ओट्यापाशीं भाकरी थापतांना एक पाय लहानशा पाटावर ठेवावा, कांहीं वेळानें पाय बदलावा; स्वयंपाक संपेपर्यंत उभें राहतां येतें, असें मला अनेक भगिनींनीं सांगितलें आहे. योगासनें करावींत, पण निवडून. भुजंगासन किंवा सूर्यनमस्कारांतील मागें वांकण्याच्या क्रिया या दुखण्यांत त्रास वाढवितात, आणि दूरचित्रवाणीवर पाहून आसनें करणाऱ्यास तें कोणी सांगत नाहीं.

कमरपट्ट्याविषयीं नेहमीं विचारलें जातें. प्रवासांत किंवा कामाच्या तासांत तो थोडा वेळ बांधावा. दिवसभर बांधल्यानें पाठीचे स्नायू आळशी होतात. तेलानें चोळण्यानें बरें वाटतें आणि तें सुख मी कोणाच्याही आईबापांपासून हिरावून घेणार नाहीं. मात्र त्यानें नळी रुंद होत नाहीं, आणि पाठीवर पाय देऊन मणका 'बसविणारे' जे हाडवैद्य आहेत, त्यांच्यापासून दूर राहावें. वेदनाशामक गोळ्या औषधाच्या दुकानांतून आणून महिनोन् महिने घेण्याची चाल तर फारच घातक आहे. वयस्कर व रक्तदाबाच्या माणसांचे मूत्रपिंड व जठर त्यानें बिघडतात. कण्यांत देण्याच्या स्टेरॉइडच्या सुईबद्दलही अपेक्षा माफक ठेवावी. अमेरिकेंत ४०० रुग्णांवर झालेल्या व २०१४ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगांत, नुसतें बधिर करणारें औषध आणि स्टेरॉइड मिसळलेलें औषध यांच्यांत सहा आठवड्यांनंतर म्हणण्यासारखा फरक आढळला नाहीं.

शस्त्रक्रिया कोणी करावी? ज्याचें चालणें इतकें आटलें आहे कीं जगणें अवघड झालें, आणि कांहीं महिने मनापासून व्यायाम करूनही जो तेथेंच आहे, त्यानें. या शस्त्रक्रियेंत नळीच्या छपराचें हाड व जाड झालेला बंध कापून तंतूंना जागा करून देतात. पाय मोकळे होण्यास ती चांगली आहे. नुसती कंबरदुखी जाण्यास तितकी नाहीं, हें आधींच समजून घ्यावें. मणक्यांत स्क्रू व सळया बसवून ते जोडावेत कीं नाहीं, हा खर्चाचाही प्रश्न आहे. स्वीडनमध्यें २४७ रुग्णांवर झालेल्या व २०१६ सालीं प्रसिद्ध झालेल्या अभ्यासांत, केवळ जागा मोकळी करणें आणि त्यासोबत मणके जोडणें यांचा परिणाम दोन वर्षांनीं सारखाच दिसला. मणका फार सरकलेला किंवा डळमळीत असेल तर गोष्ट निराळी. म्हणून सळया सुचविल्यास, "त्या कशासाठीं?" असें विचारण्याचा संकोच धरूं नये, चांगल्या शस्त्रवैद्यास त्या प्रश्नाचा राग येत नाहीं. परभणीस २०२३ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय झालें आहे. तरी अशा मोठ्या निर्णयासाठीं नांदेड, छत्रपती संभाजीनगर किंवा पुणें येथें दुसरें मत घेतल्यास पैसा व्यर्थ जात नाहीं. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेंत आपली शस्त्रक्रिया बसते काय, याची चौकशी त्याच वेळीं रुग्णालयांत करावी.

थांबूं नये अशा मात्र दोन-तीन गोष्टी आहेत. लघवी एकाएकीं अडणें किंवा नकळत होणें, शौचावरील ताबा जाणें, घोड्यावर बसतांना जो भाग खोगिराला लागतो तो बधिर होणें, किंवा पाऊल लुळें पडून चप्पल पायांतून निसटूं लागणें: यांपैकीं कांहीं झालें तर त्याच दिवशीं मोठ्या रुग्णालयांत जावें. यांत दिवस नव्हे, तास मोजावयाचे असतात.

आणि नळी मानेंतही अरुंद होते. तेथें मज्जारज्जूच आवळला जातो, म्हणून तें दुखणें अधिक गंभीर; आणि त्यांत मान दुखेलच असें नाहीं. सदऱ्याची गुंडी लावतां येत नाहीं, तांदूळ निवडतांना खडा चिमटींत येत नाहीं, सही बँकेंत जुळत नाहीं, चालतांना पाय दूर टाकावे लागतात. एका निवृत्त शिक्षकांनीं माझ्याकडे तक्रार केली ती चष्म्याची. अक्षर बिघडलें म्हणून त्यांनीं दोनदां चष्मा बदलला होता. त्यांची मान तपासल्यावर कारण निघालें. मानेच्या बाबतींत वाट पाहत बसणें बरें नव्हे, कारण रज्जूची गेलेली शक्ति सगळी परत येतेच असें नाहीं. शस्त्रक्रिया मुख्यतः आहे तें टिकविण्यासाठीं असते. अशी मान न्हाव्याकडून कडकडा मोडून घेणें म्हणजे काय, हें मी अधिक सांगत नाहीं.

डॉक्टरांकडे जातांना एक कागद न्यावा. किती चाललें कीं बसावें लागतें, किती वेळ बसलें कीं पुन्हां निघतां येतें, वांकून चाललें तर काय होतें, आणि विडी-तंबाखू किती, एवढें त्यावर लिहावें. यंत्रांतून निघालेल्या चित्रांपेक्षां मला त्या कागदाचा उपयोग अधिक होतो.

मातोश्रींनीं असा कागद ठेवला होता. शस्त्रक्रिया त्यांनीं केली नाहीं. त्यांची तशी इच्छा नव्हती आणि मलाही निकड वाटली नाहीं. सायकल घरांत आणली, व्यायाम शिकविले, आणि चाकें असलेली एक चौकट आणून दिली, जिच्यावर रेलून चालतां येतें व थकल्यावर बसतांही येतें. ती चौकट गल्लींत न्यावयास त्या प्रथम लाजल्या. शेगांवच्या गजानन महाराजांची पालखी पंढरपुराकडे जातांना परभणीस येते. तिच्याबरोबर गंगाखेडच्या रस्त्याला थोडें अंतर जाण्याचा त्यांचा नेम होता, तो दोन वर्षें रिक्षांत बसून पार पडला होता. तिसऱ्या वर्षीं त्या चौकट घेऊन निघाल्या. पावलें मोजण्याचा त्यांना कंटाळा. त्या ओटे मोजीत. पहिल्या महिन्याच्या कागदावर देवळापर्यंत 'सात ओटे' असें लिहिलेलें आहे. पालखीच्या दिवशींच्या ओळींत 'चार, आणि एकदां चौकटीवर. गर्दींत ओटा सांपडला नाहीं' असें आहे.